नुसतं शिवणकाम?

गेल्या महिन्यात आमच्या बचत गटाची मीटिंग होती. हप्ते गोळा झाले, वही फिरली, चहा झाला. बायका उठायच्या बेतात होत्या, तेवढ्यात एकीनं विषय काढला. तिची मुलगी बारावी झालीय. हात अतिशय चांगला. वहीच्या मागच्या पानांवर सारखी ब्लाउजचे गळे, साड्यांचे काठ, कानातल्यांचे नमुने काढत बसते. तिला पुण्याला डिझाईनचा कोर्स करायचाय. तर तिच्या वडिलांनी एका वाक्यात निकाल लावून टाकला, "टेलरच व्हायचंय ना? मग त्याला चार वर्षं आणि एवढी फी कशाला? आईकडं मशीन आहे की!"

सगळ्या हसल्या. मीही हसले, खोटं कशाला सांगू? पण घरी येताना त्या हसण्याचीच लाज वाटायला लागली. हसणाऱ्या पंधरा जणींपैकी निम्म्या जणी शिवणकामावर घर चालवतात. म्हणजे आम्ही कुणाला हसलो?

(आमचं खंडाळा म्हणजे लोणावळ्याशेजारचं, पावसात भजी खायला जायचं ते नव्हे हं! आमचं सातारा जिल्ह्यातलं, खंबाटकी घाटाजवळचं, तालुक्याचं गाव. सावित्रीबाईंचं नायगाव आमच्याच तालुक्यात. दर तीन जानेवारीला आम्ही तिथं जातो, भाषणं ऐकतो आणि घरी येऊन असं हसतो.)

पुढच्या मीटिंगला मी मुद्दाम विचारलं, "गांधी सिनेमा कुणी कुणी पाहिलाय?" जवळजवळ सगळ्यांचे हात वर. टीव्हीवर कधी ना कधी पाहिलेला असतोच. "त्यातल्या कपड्यांना ऑस्कर मिळालं होतं. कुणाला मिळालं?" सगळ्या गप्प. मग एक जण म्हणाली, "असेल कुणीतरी इंग्रज."

अर्धं बरोबर होतं तिचं. ते ऑस्कर दोघांना विभागून मिळालं होतं. जॉन मोलो नावाचे एक इंग्रज गृहस्थ, त्यांच्याकडं साहेबांचे आणि लष्कराचे पोशाख होते. उरलेलं अर्धं आपल्या कोल्हापूरचं होतं. भानू अथैया. माहेरच्या भानुमती राजोपाध्ये. कुठल्याही भारतीय माणसाला मिळालेलं ते पहिलं ऑस्कर. सिनेमा १९८२ चा आणि सोहळा झाला ११ एप्रिल १९८३ ला. पुढं २००९ मध्ये रहमान आणि गुलजार यांना मिळालं तेव्हा देशभर पेढे वाटले गेले. पण पहिलं एका मराठी बाईनं आणलं होतं आणि तेही कपड्यांसाठी, हे आमच्या पंधरा जणींत कुणालाच ठाऊक नव्हतं. आपल्या इथून कोल्हापूर किती लांब आहे हो? अंबाबाईला जाऊन संध्याकाळी परत येतो आपण.

भानुताईंचा जन्म २८ एप्रिल १९२९ चा. वडील अण्णासाहेब राजोपाध्ये चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या सिनेमांसाठी त्यांनी काम केलेलं. पण भानुताई लहान असतानाच ते गेले. घरात सात भावंडं. आई शांताबाईंनी सगळ्यांना वाढवलं. त्या काळात, कोल्हापुरात, नवऱ्यामागं सात लेकरं वाढवणाऱ्या बाईनं एका मुलीला चित्रकला शिकायला मुंबईला पाठवायचं, ही गोष्ट मी दोनदा तीनदा स्वतःशी म्हणून बघितली. आज पुण्याला पाठवताना आपण एवढा विचार करतो.

मुंबईत त्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या, १९५१ मध्ये सुवर्णपदक मिळवलं. हुसेन, रझा, सूझा, आरा, गाडे अशी आज कोटीकोटीत विकली जाणारी नावं ज्या गटात होती, त्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या १९५३ च्या प्रदर्शनात भानुताईंची चित्रं लागली. त्या गटाबरोबर चित्रं मांडणाऱ्या त्या एकट्या बाई. म्हणजे उद्या "मोठ्या चित्रकार" म्हणून नाव व्हायला वाट मोकळी होती.

आणि त्यांनी ती सोडली. त्या मुंबईतल्या बायकांच्या मासिकांसाठी फॅशनची रेखाचित्रं काढत होत्या, 'ईव्ह्ज वीकली' हे त्यातलं एक. पुढं संपादकबाईंनी कपड्यांचं दुकान काढलं आणि भानुताईंना म्हणाल्या, नुसतं कागदावर काढतेस ते कापडात करून बघ की. तिथून त्या सिनेमात गेल्या आणि परत फिरल्याच नाहीत.

भानुताईंनी चित्रकला सोडली याची हळहळ मी पुष्कळ ठिकाणी वाचलीय. जणू काही कॅनव्हास म्हणजे कला आणि कापड म्हणजे पोटापाण्याचा उद्योग! मला मात्र त्यात एका कर्त्या बाईचा हिशोब दिसतो. चित्र काढून भिंतीला टेकवून ठेवायचं, कुणी घेईल तेव्हा घेईल. इथं काम मागून येत होतं, केल्याचे पैसे होते, आणि रंग, रेषा, प्रमाण यांचं जे शिक्षण घेतलं ते सगळं लागतही होतं. त्यांनी चित्रकला सोडली नाही, कागद बदलला, असं माझं मत आहे. त्या गेल्यानंतर, २०२० च्या डिसेंबरात, त्यांची जुनी चित्रं लिलावात आली. तेव्हा लोकांना आठवलं की अरेच्चा, या चित्रकारही होत्या!

आता सिनेमातलं काम म्हणजे नेमकं काय, ते गटात सांगताना मला मजा आली. कारण आमच्या बायका कापडातल्या जाणत्या, पुढचं त्याच सांगायला लागल्या. 'श्री ४२०' (१९५५), 'प्यासा' (१९५७), 'साहिब बीबी और गुलाम' (१९६२) हे भानुताईंचे सुरुवातीच्या काळातले सिनेमे कृष्णधवल. आता बघा, लाल पदर आणि हिरवी साडी डोळ्यांना किती उठून दिसते! पण कृष्णधवल पडद्यावर लाल आणि हिरवा दोन्ही सारखेच करडे दिसू शकतात. म्हणजे रंगाच्या भरवशावर राहता येत नाही. चमक कुठं हवी, पोत कुठला हवा, जाडं की झिरझिरीत, काठ किती रुंद, यावरच सगळा खेळ. 'श्री ४२०' मधला नादिराचा तो अंगाला घट्ट बसणारा, चमचमता गाऊन आठवा. बाई पडद्यावर आली की तिनं एक शब्द बोलायच्या आधी आपल्याला कळतं, ही राज कपूरला बिघडवणार! आणि 'साहिब बीबी'तली मीनाकुमारी. अंगावर जमीनदारणीचे दागिने, कपाळावर मोठं कुंकू, आणि नवऱ्याची वाट बघणं. दागिने जितके जास्त तितकी ती बाई एकटी वाटते. हे आपोआप होत नाही. कुठल्या प्रसंगात काय घालायचं आणि काय उतरवून ठेवायचं, हे कुणीतरी बसून ठरवलेलं असतं.

शिवाय सिनेमाचं शूटिंग कथेच्या क्रमानं होत नाही. आधीचा प्रसंग नंतर, नंतरचा आधी. त्यामुळं साडी कुठं फाटली, मळली किती, पदर कुठल्या खांद्यावर होता, याची टिपणं ठेवावी लागतात. नवं कापड जुनं दिसायला हवं असेल तर ते चहाच्या पाण्यात बुडवायचं, घासायचं, धुऊन धुऊन विटवायचं. एक आजी म्हणाल्या, "आमची लुगडी फुकट विटली म्हणायची!"

'आम्रपाली' (१९६६) मी अलीकडंच पुन्हा पाहिला. लेख टंडन यांचा सिनेमा, वैजयंतीमाला आम्रपाली. गोष्ट बुद्धाच्या काळातली. त्या वेळी बायका काय घालत होत्या, हे कुठल्या शिंप्याला विचारणार? भानुताई अजिंठ्याला गेल्या. लेण्यांतली चित्रं बघून त्यांनी कपड्यांचे पीळ, कमरेचे बंध, खांदे, दागिने या सगळ्याचा विचार केला. आपणही शाळेच्या सहलीत अजिंठा बघतोच. आमच्या सहलीत बाईंनी आम्हाला रांगेत नेलं, रांगेत आणलं, आणि बाहेर येऊन पोळीचा डबा खाल्ला. त्या भिंतींवर इतक्या प्रकारचे हार, कंबरपट्टे, केसातले अलंकार आहेत, हे मला चाळिशीनंतर कळलं. बघायचं कसं हेही शिकवावं लागतं, आणि चार वर्षांच्या कोर्सात दुसरं काय करतात?

याच विचारात मला दागिन्यांचंही वाटलं. आपला कोल्हापुरी साज घ्या. त्यात परंपरेनं एकवीस पानं, त्यात दशावतार, अष्टमंगळं, माणिक, पाचू, मधलं डोरलं. इतका विचारपूर्वक बांधलेला दागिना कुणाच्या डोक्यातून आला? ठाऊक नाही. ठुशी कुणी काढली? ठाऊक नाही. हुपरीला चांदीचं इतकं बारीक काम होतं, पैंजण देशभर जातात, त्या नक्षीखाली कुणाचं नाव नसतं. सोनाराच्या पेढीचं नाव मात्र पाकिटावर सोनेरी अक्षरात! कापडाचंही तेच, दागिन्याचंही तेच. भानुताईंचं वेगळेपण असं की कपडे करणाऱ्या बाईचं नाव पडद्यावर लागायचं आणि ते नाव बघून दिग्दर्शक परत बोलावायचे. गुरुदत्त, राज कपूर, विजय आनंद, यश चोप्रा यांच्यापासून आशुतोष गोवारीकरांपर्यंत. शंभराहून जास्त सिनेमे.

१९६८ च्या 'ब्रह्मचारी'त शम्मी कपूरबरोबर नाचताना मुमताजनं घातलेली केशरी साडी आठवतेय? ती नेसलेली नव्हती, शिवलेली होती. नाचताना निऱ्या सुटू नयेत म्हणून. आज मंगळागौरीला आपण शिवलेली नऊवारी पायजम्यासारखी चढवतो आणि फुगड्या घालतो, तेव्हा कुणाला वाटतही नाही की साडी शिवायची म्हणजे केवढं धाडस होतं! आणि 'वक्त' (१९६५) मधला साधनाचा चुडीदार तर घरोघरच्या पोरींनी उचलला. माझ्या आईच्या कपाटात तसला एक फोटो होता, लग्नाआधीचा. आजोबांनी म्हणे तो एकदाच घालू दिला.

मग आला 'गांधी'. रिचर्ड ॲटनबरोंच्या या सिनेमाला मिळालेल्या आठ ऑस्करांची यादी कुठंही सापडेल. मी त्यातल्या कपड्यांचंच सांगते. १८९३ साली दक्षिण आफ्रिकेत उतरलेला तरुण बॅरिस्टर कोट, टाय, बूट घातलेला. १९१५ ला मुंबईच्या बंदरावर उतरतो तो काठेवाडी पोशाखात. १९२१ मध्ये मदुराईत तो माणूस ठरवतो की आता पंचाच. म्हणजे गांधीजींचं सगळं आयुष्य कपडे कमी कमी होत जाण्यातून सांगता येतं. भानुताईंना ती पन्नासेक वर्षं कापडात दाखवायची होती. एकट्या बेन किंग्जलेंवर नव्हे, कस्तुरबांवर, नेहरूंवर, शेतकऱ्यांवर, आश्रमातल्या बायकांवर आणि हजारोंच्या गर्दीवर. त्यात भरजरी एकही गोष्ट नाही. डोळे दिपवणारे पोशाख करून बक्षीस मिळवलेल्या पुष्कळ असतील. जाड्याभरड्या पांढऱ्या कापडाला ऑस्कर मिळालं, हे मला फार आवडतं. पांढऱ्यातही किती तऱ्हा असतात ते आपल्याला, रोज धुणं धुणाऱ्यांना, सांगायला नको.

त्यानंतर त्यांनी 'लेकिन' आणि 'लगान' या दोन्हींसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवले. 'लगान' आला २००१ मध्ये, तेव्हा भानुताई बहात्तर वर्षांच्या होत्या! मी तो साताऱ्याला टॉकीजमध्ये बघितला, शेवटच्या षटकात आमची अख्खी रांग उभी होती. गावकऱ्यांचे कपडे कुणी केलेत असं मनातसुद्धा आलं नाही. इतके ते त्या माणसांचेच वाटत होते. २०१० मध्ये त्यांचं वेशभूषेवरचं इंग्रजी पुस्तक आलं. मी ते एका ओळखीच्या बाईंकडून आणून, शब्दकोश शेजारी ठेवून वाचलं. तीन आठवडे लागले.

एक गोष्ट मात्र मला अजून टोचते. २०१२ च्या डिसेंबरात भानुताईंनी आपलं ऑस्कर अमेरिकेतल्या अकादमीकडं परत पाठवलं. रागानं नव्हे, सांभाळायला! आपल्यामागं हे इथं नीट राहील याची त्यांना खात्री नव्हती. रवींद्रनाथांचं नोबेल पदक २००४ मध्ये शांतिनिकेतनातून चोरीला गेलं, याचा दाखलाही त्यांनी दिला होता. १५ ऑक्टोबर २०२० ला, एक्क्याण्णवाव्या वर्षी, त्या मुंबईत गेल्या. करोनाचे दिवस. पेपरात बातमी आली, दोन दिवस फोटो फिरले, संपलं.

सरकारला नावं ठेवणं सोपं आहे, मीही ठेवते. पण आपल्या घरात आपण काय सांभाळलं? माझ्या आजेसासूबाईंची खणाची चोळी होती, हातशिलाईची, बाह्यांना इतकी बारीक टीप की भिंग लावून बघावी. ती मी स्वतः, माझ्या या हातांनी, भांडीवालीला कपड्यांच्या गाठोड्यात दिली आणि वर एक स्टीलची कढई घेतली. कढईचं बूड केव्हाच गेलं.

आता मूळ मुद्द्यावर येते. आमच्या गटातली एक जण ब्लाउजच्या पाठीवर हातानं भरतकाम करते. दोन वर्षांपूर्वी तिनं मोर-कोयऱ्या सोडून ज्वारीच्या कणसाचा नमुना काढला. स्वतःच्या शेतातल्या. दाणे फ्रेंच गाठीचे, पानं तिरक्या टाक्याची. शहरातल्या एका दुकानानं चाळीस नग घेतले. तिला एका नगामागं मिळाले शंभर रुपये. पुढच्या हंगामात ऑर्डर नाही. मग कुणाच्या तरी लग्नात तोच नमुना, मशीनवर भरलेला, दुकानाच्या लेबलसकट, तिच्या समोर येऊन बसला. मी चिडले, दुकानात जाऊन भांडू म्हटलं, तर ती म्हणते, "जाऊ दे ताई. नुसती नक्षी तर होती."

हे 'नुसतं' कुठून येतं? त्या मुलीच्या वडिलांच्या तोंडी जे 'नुसतं टेलर', तेच हिच्या तोंडी 'नुसती नक्षी'. आपण शिलाईचे पैसे मागतो, डोक्याचे मागतच नाही. दर ठरवताना दोरा, अस्तर, हुक, वेळ इथवर हिशोब येतो आणि थांबतो. नमुना सुचायला जे लागलं त्याचा रकाना आमच्या वहीत नव्हता. तो आता घातलाय. नवा नमुना असेल तर पहिल्या नगावर वेगळी रक्कम, आणि वहीत नमुन्याचं चित्र, तारीख, काढणारीचं नाव. दोन गिऱ्हाइकं यावरून तुटली, हेही सांगते. एक टिकलं.

आणि एक माहिती, आम्हाला उशिरा कळली म्हणून सांगते. आपल्याकडं २००० सालचा डिझाईन कायदा आहे. नवा नमुना त्यात नोंदवता येतो, दहा वर्षं हक्क राहतो आणि पुढं पाच वर्षं वाढवता येतो. पण नोंदणी माल बाजारात जायच्या आधी करायची. आमच्या कणसाला तो दरवाजा बंद झाला. अर्ज, फी, चित्रं कशी काढायची, हे सगळं बचत गटांना कुणीतरी तालुक्याला येऊन समजावून सांगायला हवं. शिवणयंत्रं वाटायचे कार्यक्रम होतात, हार-तुरे होतात, फोटो छापून येतात. यंत्राबरोबर ही चार पानंही द्या, एवढीच मागणी आहे. तालुक्याच्या ठिकाणी एखादा चित्रकलेचा वर्ग, आणि जुने कपडे-दागिने जपून ठेवणारी एखादी खोलीसुद्धा चालेल. नायगावला दरवर्षी एवढी मंडळी येतात, तिथं आपल्या भागातल्या बायकांच्या हातची जुनी गोधडी, चोळी, टोपडी बघायला मिळाली तर काय बिघडेल?

त्या मुलीचे वडील परवा आमच्या घरी आले होते. मी मोबाईलवर भानुताईंचा ऑस्कर घेतानाचा फोटो दाखवला. बराच वेळ बघितला त्यांनी. मग विचारलं, "कोल्हापूरच्या का ह्या?" आणि थोड्या वेळानं, "पण सगळ्यांनाच काय असं मिळतं, वहिनी?" नाही मिळत. मी तसं सरळ सांगितलं. शिकलेल्या मुलीही सुरुवातीला कमी पैशात राबतात, हेही सांगितलं. त्यांची काळजी खोटी नाही. सोसायटीचं कर्ज आहे, धाकटा अजून शाळेत आहे. फक्त हीच काळजी मुलानं इंजिनिअरिंगला जातो म्हटल्यावर त्यांनी केली असती का, एवढं मी विचारलं. ते काही बोलले नाहीत, चहा मात्र पूर्ण प्यायला.

पहिल्या वर्षाच्या फीसाठी मुलीच्या आईनं गटाकडं कर्जाचा अर्ज टाकलाय. आम्ही मत घेतलं. अकरा बाजूनं, चार विरुद्ध. प्रवेशाच्या फॉर्मवर वडिलांची सही अजून व्हायचीय.